न गळणारा डबा

"जे जपायचं आहे ते कधी हवाबंद करू नकोस," असं रुवैदाला तिच्या बाईंनी बजावून सांगितलं होतं. "फिल्मलाही श्वास लागतो. कोंडलीस तर ती स्वतःच्याच वाफेनं नासेल." बाई दूर थंड देशातल्या, चित्रपट करायला शिकवणाऱ्या. रुवैदा त्यांच्यासमोर चक्क हसली. म्हणाली, "बाई, आमच्याकडे उघडं ठेवलेलं काहीच टिकत नाही. ना दार, ना वाट, ना शेत." हा किस्सा ती घरी आल्यावर आईला हातवारे करून सांगायची आणि दोघी पोट धरून हसायच्या. मी तिथंच स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात होतो. मलाही तेव्हा रुवैदाचंच बरोबर वाटलं होतं.

मित्रांनो, मी एक जुना तेलाचा डबा आहे. चौकोनी, पत्र्याचा. माझ्या अंगावर जैतुनाचं, म्हणजे ऑलिव्हचं, हिरवं झाड छापलेलं होतं. आता त्याचा बुंधा तेवढा राहिला आहे, फांद्या खरवडून गेल्या. माझा जन्म पॅलेस्टाइनमध्ये, नाब्लुस शहरातल्या एका लहानशा कारखान्यात झाला. पत्रा कापला, वाकवला, कडा वितळलेल्या कथलानं सांधल्या, म्हणजे झाळल्या, आणि मग मला पाण्याच्या हौदात बुडवून धरलं. ज्या डब्यातून बुडबुडा निघतो त्याला बाजूला फेकतात. माझ्यातून निघाला नाही. कारागिरानं माझ्या पाठीवर थाप मारली. ती माझी पहिली शाबासकी. आमच्या जातीला एकच गुण लागतो मित्रांनो: गळायचं नाही. तो गुण माझ्यात काठोकाठ होता, आणि पुढं सगळा घात त्याच गुणानं केला.

मला विकत घेतलं दैर अल-लौज गावच्या उम्म नाइफनं. उम्म नाइफ म्हणजे नाइफची आई. थोरल्या मुलाच्या नावानंच तिकडे बाईला हाक मारतात. तिला दोन मुलं, नाइफ आणि रुवैदा. नवरा लवकर गेलेला. घराच्या मागं टेकडीच्या उतारावर दगडी बांधांची शेती, तिच्यावर सासऱ्यानं लावलेली जैतुनाची झाडं. पाऊसकाळ तोंडावर आला की सगळं गाव झाडांखाली चादरी अंथरून वेचणीला बसायचं. कुणी कुणाला 'यंदा किती पैसे झाले' असं विचारत नसे. 'यंदा किती डबे?' एवढंच. म्हणजे बघा, मी नुसता डबा नव्हतो. मी मोजमाप होतो. घराची ऐपत, मुलीचं लग्न, आजारपण, सगळं डब्यांत मोजलं जायचं.

रुवैदा परदेशातून शिकून आली ती एक चावीचा कॅमेरा घेऊन. घड्याळासारखी चावी भरायची, मग तो कटकट आवाज करत चालायचा. गावाला वाटलं, आता ही सिनेमा काढणार. घोडा असेल, लग्न असेल, एखादी मारामारी असेल. तिनं पहिला चित्रपट काढला तो आईच्या वाळत घातलेल्या धुण्याचा. वारा येतो, चादर फुगते, खाली बसते. चादरीच्या मागून माणसं गेल्याच्या सावल्या जातात. माणूस एकही दिसत नाही. शाळेच्या पांढऱ्या भिंतीवर तो दाखवला तेव्हा सगळं गाव खुर्च्या घेऊन आलं होतं. संपला तरी लोक बसूनच.

"झाला?" अबू सखरनं विचारलं. हा गावचा पत्रेकाम करणारा, त्याची जीभ त्याच्या कात्रीहून धारदार.

"झाला, काका."

"पोरी, कपडे वाळले का नाही शेवटी? तेवढं तरी सांग. जीव टांगणीला लागलाय."

हशा उसळला. उम्म नाइफ ओढणीत तोंड लपवून म्हणाली, "एवढं समुद्रापलीकडे जाऊन शिकली आणि जगाला माझी धुणी दाखवली! त्यातला एक पायजमा फाटका होता गं, तो तरी काढायचास."

नाइफ तेवढा उठून टाळ्या वाजवत राहिला. तो असाच. बहिणीचं काही कळो न कळो, टाळ्या त्याच्या ठरलेल्या.

पण तोच धुण्याचा चित्रपट परदेशात गेला आणि तिथल्या जाणत्यांनी त्याला डोक्यावर घेतलं. मग रुवैदा थांबली नाही. तिनं फिल्मवर आईच्या कशिद्याच्या सुईनं ओरखडे काढून नक्षी केली. ती पडद्यावर आगीसारखी नाचायची. एक फिल्म तिनं पावसाळाभर बांधाच्या मातीत पुरून ठेवली आणि मातीनं जे चित्र काढलं ते दाखवलं. बाकीचे चित्रपट दारांच्या कड्यांचे, विहिरीवरच्या झाकणाचे, रिकाम्या खुर्च्यांचे. त्या देशांतले लोक तिला विचारत, "सैनिक कुठं आहेत? रडणाऱ्या बायका कुठं आहेत?" ती म्हणायची, "चादरीच्या मागं." आणि गावात विचारत, "आपले हाल कुठं आहेत?" तिथंही ती तेच सांगायची. दोन्हीकडच्यांना राग यायचा. चित्रं परदेशी जात, ती मात्र अडकायची. कधी बाहेर जायचा परवाना मिळायचा नाही, कधी मिळायचा तो समारंभ झाल्यावर. तिचं पहिलं बक्षीस कुणा दुसऱ्याच बाईनं जाऊन घेतलं आणि व्यासपीठावर तिचं नाव चुकीचं उच्चारलं. त्या दिवशी रुवैदा माझ्या शेजारी बसून लसूण सोलत होती. आई म्हणाली, "नाव चुकलं तर चुकलं, बक्षीस तर बरोबर घरात येईल ना?" तेही पुढं वाटेत कुठंतरी हरवलं.

या सगळ्यांहून वेगळं एक काम तिनं हळूहळू चालवलं होतं. दर वेचणीला ती एकच रीळ भरायची. त्यात दुसरं काही नाही, फक्त नाइफ जैतुनाच्या झाडावर. शिडी लावून चढायचा, फांद्या झोडायचा, आणि उतरताना शेवटच्या तीन पायऱ्या सोडून सरळ उडी मारायचा. उडी मारली की एक पाय जरा मुडपायचा, मग हसत दोन पावलं लंगडत चालायचा. दरवर्षी तसाच. आई दरवर्षी ओरडायची, "अरे, पाय मोडशील एखाद्या दिवशी!" रुवैदाला तेवढंच हवं होतं. म्हणायची, "म्हातारा होईस्तोवर तुझी हीच उडी घेणार दादा. शेवटी सगळ्या एकापुढं एक जोडणार." नाइफ म्हणायचा, "म्हणजे मी म्हातारपणीही शिडीवरच? कुणी खुर्ची देणार नाही का मला?"

आता एक गोष्ट नीट ऐका. ती ज्या फिल्मवर हे काढायची तिची दुसरी प्रत नसते. कॅमेऱ्यात गेली तीच फिल्म धुतली की चित्र बनते. ती गेली की सगळं गेलं. प्रत काढून घ्यायला पैसे लागतात, परवाने लागतात, रीळ सीमेपलीकडे पाठवावं लागतं. रुवैदा म्हणायची, पुढच्या वर्षी करू.

एका वेचणीला टेकडीच्या माथ्यावरून गोळी आली. नाइफ शिडीवर होता. त्या दिवशी तो उडी मारून उतरला नाही. याहून अधिक मी सांगणार नाही मित्रांनो. मी झाडाखालीच होतो, वेचलेल्या फळांनी निम्मा भरलेला.

गावानं त्याचे मोठे फोटो छापून भिंतीभिंतीवर चिकटवले. फोटो ओळखपत्रावरचा होता, मान ताठ, डोळे वटारलेले. उम्म नाइफ त्याच्यासमोरून जाताना मान फिरवायची. म्हणायची, "हा सरकारी नाइफ. माझा असा कधी उभा राहिला होता का?"

मग सैनिकांच्या झडत्या सुरू झाल्या. शेजारच्या आळीतल्या एका घरातून फोटोंचे अल्बम, संगणक, लग्नाच्या कॅसेटीसुद्धा उचलून नेल्या. परत काही मिळालं नाही. रुवैदाला तेव्हा बाळंत होऊन काही महिने झाले होते. नवरा आखाती देशात कामाला, ती आईकडे आलेली, मांडीवर छोटी जुमाना. तिला झोप लागत नसे. मूल झोपलं की त्याच्या नाकाशी बोट धरून श्वास बघायची, दाराची कडी बघायची, मग कपाटातली रिळं बघायची आणि पुन्हा मुलाकडे यायची. तिचं ते येरझाऱ्या घालणं मी कोपऱ्यातून पाहायचो.

तिकडे एक रीत आहे. नदीवरचा पूल ओलांडून जॉर्डनमधल्या अम्मानला राहणाऱ्या नातेवाइकांना तेल पाठवायचं असलं की डब्याचं तोंड पत्रा ठोकून, कथलानं झाळून बंद करतात. वर कापड शिवतात, नाव लिहितात. असा डबा कुणी वाटेत उघडत नाही, आणि वर्षानुवर्षं तेलाला काही होत नाही. काळजीनं ठेवायचं म्हणजे झाळून ठेवायचं, हे त्या गावच्या बायकांच्या हाडांत मुरलेलं. म्हणून उम्म नाइफला सुचलं ते तेच सुचलं.

तिनं मला राखेनं घासलं, उकळत्या पाण्यानं धुतलं, उन्हात उपडं घातलं. पण दिवस हिवाळ्याचे, ऊन कोवळं. माझ्या कोपऱ्यांत थोडी ओल राहिली. रिळं मऊ फडक्यात गुंडाळून माझ्या पोटात ठेवली, वरून नाइफचा एक सदराही. आणि अबू सखरला बोलावणं गेलं.

तो आला, मला हलवून पाहिलं. "उम्म नाइफ, यात तेल कुठंय? हवा पाठवतेस का अम्मानला? तिकडची संपली का?"

"तू झाळ रे बाबा. तोंड नको चालवूस."

त्यानं वाकून आत बघितलं. फडकं दिसलं, सदरा दिसला. त्याच्या हातातली कात्री खाली आली.

"नाइफ आहे का यात?"

"आहे."

"मग दोनदा झाळतो," तो म्हणाला, आणि कथील तापवायला बसला.

रुवैदा दाराशी उभी होती. कथील वितळून माझ्या कडेवर पसरू लागलं तेव्हा ती एकदम पुढं आली. "काका, एक बारीक भोक..." एवढं तिच्या तोंडून निघालं.

"भोक? डब्याला?" आई वळली. "यम्मा, मग त्यापेक्षा रस्त्यावरच टाक ना." तिकडे मूल आईला यम्मा म्हणतं आणि आईही मुलाला लाडानं यम्माच म्हणते. पण त्या दिवशी त्या हाकेत लाड नव्हता, भीती होती. आत जुमाना रडायला लागली, रुवैदा आत धावली, आणि माझं तोंड बंद झालं.

झडती आलीच. त्यांनी कपाटं उलथली, पिठाची पोती फाडली, कॅमेरा नेला, भिंतीवरचा लग्नाचा फोटोसुद्धा काढला. जिन्याखाली आम्ही डबे ओळीनं ठेवलेले. एकानं उघडा डबा लाथेनं आडवा केला. पिठावर तेल पसरलं. मग माझ्याकडे वाकून पाहिलं. झाळलेलं तोंड, वर कापड, कापडावर रुवैदाच्या अम्मानमधल्या आत्याचं नाव. त्यानं मला तसंच राहू दिलं. ते गेल्यावर उम्म नाइफ पिठातेलाच्या राड्यात बसली आणि मला मांडीवर घेऊन ओल्या फडक्यानं पुसत राहिली, लेकराचं तोंड पुसावं तसं. "शहाणा माझा," ती म्हणाली. "राजा माझा." मित्रांनो, एवढं कौतुक माझ्या जातीत कुणाच्या वाट्याला आलं नसेल.

नंतरची बरीच वर्षं मी जिन्याखाली काढली. भिंतीपलीकडे चूल. उन्हाळ्यात माझं अंग तापायचं, पावसाळ्यात घाम फुटायचा. वरून आवाज ऐकू यायचे. रुवैदा नवीन कॅमेरा घेऊन परत कामाला लागली होती. आता तिचं नाव मोठं झालं होतं. तिची चित्रं भिंतभर लावत, तिच्या फिल्मा अंधाऱ्या दालनांत एकाच वेळी चार बाजूंनी चालवत. ती येई, जाई, अडके, पुन्हा जाई. दूरदूरचे लोक तिला फोनवर म्हणत, तुमच्या भावाची रिळं आहेत ना, ती दाखवा. ती म्हणायची, "ती माझी नाहीत. आईची आहेत." आणि आई म्हणायची, "अजून नको. मन घट्ट झालं की मीच सांगेन."

इकडे माझ्या पोटात काहीतरी बिघडत होतं. आधी बारीक आंबूस वास. मग तो वाढला. जायला वाट नाही म्हणून तो पुन्हा फिल्मवरच बसायचा, फिल्म आणखी आंबायची, आणखी वास सोडायची. बाहेर एक थेंब आला नाही, एक श्वास आला नाही. मला दोनदा झाळलं होतं. एक टाचणीएवढं भोक असतं तरी कुणाच्या तरी नाकाला कळलं असतं. शेजारचा गळका डबा उम्म नाइफनं केव्हाच ओळखून दुरुस्तीला दिला. माझ्याकडे बोट दाखवून ती आल्यागेल्याला सांगायची, "हा बघा, इतकी वर्षं झाली, एक डाग नाही खाली." मी गळका असतो तर नाइफ वाचला असता. हे वाक्य मी कितीदा मनात घोळवलं असेल! डबा चांगला निघाला, हेच त्या घराचं दुर्दैव.

मधल्या काळात उतारावरची झाडंही गेली. खालून नवा रस्ता काढायचा म्हणून यंत्रांनी ती मुळासकट उपटली. गावाच्या तोंडाशी लोखंडी फाटक बसलं. ते कधी उघडेल, कधी बंद होईल, हे गावात कुणालाच ठाऊक नसे. तरणी माणसं शहरात निघून गेली. उम्म नाइफ राहिली. तिची नजर चांगली होती, कान चांगले होते, पण एक दिवस तिनं पातेलं चुलीवरून उतरवलं आणि तशीच उभी राहिली.

"रुवैदा," ती म्हणाली, "तो उतरायचा कसा गं?"

"कोण यम्मा?"

"नाइफ. उडी मारली की कुठला पाय मुडपायचा? उजवा की डावा?"

रुवैदालाही आठवेना.

"चेहरा आहे भिंतीवर," म्हातारी म्हणाली. "तो मेला सरकारी का असेना, आहे. पण त्याची चाल कुठंय? सकाळपासून आठवतेय. चालच येत नाही डोळ्यापुढं." मग तिनं हात ओढणीला पुसले आणि म्हणाली, "काढ तो डबा. झालं आता मन घट्ट. नाही झालं तर सांगू कुणाला?"

अबू सखर आता काठी टेकत चालायचा. तरी तोच आला. दुसऱ्या कुणाला हात लावू देईना. "माझं कुलूप, मीच उघडणार," म्हणाला. जुमाना आता कॉलेजात जाणारी. तिनं मला अंगणात आणून ठेवलं. उम्म नाइफनं नवा झगा घातला होता, कशिदा केलेला. पाहुणा यायचा असावा तशी ती खुर्चीवर बसली होती. भिंतीला पांढरी चादर लावून ठेवली होती, प्रोजेक्टर मांडून ठेवला होता.

कात्रीनं माझं तोंड फाटलं, आणि वास बाहेर आला. अबू सखर मागं सरला. "लोणचं घातलं होतंस का गं?" त्याच्या तोंडून सवयीनं निघालं. कुणी हसलं नाही. तोही हसला नाही.

"शिरका," उम्म नाइफ म्हणाली, म्हणजे व्हिनेगर. "हा शिरक्याचा वास आहे. माझ्या डब्यात शिरका कुणी ओतला?"

रुवैदानं फडकं उलगडलं. रिळं चिंबून, आक्रसून लाकडाच्या सालीसारखी वाकडी झाली होती. बोट लावलं की चित्राचा थर साय निघावी तसा सुटून यायचा. सदऱ्याला पिवळे डाग. रुवैदा नुसती एकामागून एक रीळ उचलून गालाशी धरत होती, मूल तापलंय का बघावं तसं.

एका रिळाच्या मधला तुकडा जरा बरा होता. तो तिनं सोडवला, महिनाभर झटून सपाट केला, कुठून कुठून मदत मिळवून त्याची प्रत करून आणली. पुन्हा चादर लागली. पडद्यावर निळेजांभळे डाग पोहत होते, फुटत होते. मध्येच एखादी फांदी दिसायची. मग शिडीसारखं काहीतरी, आणि शिडीवर एक काळसर ठिपका, कडेनं विरघळत चाललेला.

"हा बघ यम्मा. हा नाइफ."

"कुठं?"

"हा. वर, शिडीवर."

"हा डाग?"

रुवैदानं उठून पडद्यावरच्या ठिपक्यावर बोट ठेवलं.

"डाग नको गं दाखवूस मला," म्हातारी म्हणाली. आवाज चढला नव्हता. "मला तो उतरताना बघायचाय."

"उतरायच्या आधीच तुकडा संपतो यम्मा."

"परत लाव."

परत लावला. पुन्हा परत. ठिपका वर चढायचा, विरघळायचा, पांढरं व्हायचं. शेवटी म्हातारीनं खुर्चीच्या हातांवर भार देऊन उठत विचारलं, "जेवलीस का तू? सकाळपासून काही खाल्लं नाहीस." आणि आत गेली. तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं. माझ्यावर दगड घातला असता तरी मला चाललं असतं. तिनं पुन्हा त्याचं नाव काढलं नाही. त्या दिवसापासून तिचं बोलणंही मोजकं झालं. कुणी आलं तर चहा करायची, त्यात मरमिया नावाचा सुवासिक पाला टाकायची, समोर ठेवायची आणि स्वतःचा पेला तसाच गार होऊ द्यायची. जुमाना पुढं शिकायला परदेशी गेली तेव्हा तिनं नातीच्या डोक्यावर हात ठेवला, पण 'कधी येशील' म्हणून विचारलं नाही.

तोच डागांचा तुकडा रुवैदानं पुढं आपल्या एका कामात घेतला. का घेतला? लोक वाटेल ते बोलतात. मी तिला तो तुकडा महिनाभर सपाट करताना पाहिलं आहे, म्हणून मी काही बोलत नाही. तिच्याजवळ भावाचं तेवढंच उरलं होतं, आणि जे उरलं त्यातूनच काहीतरी करायचं, एवढंच तिला आयुष्यभर येत आलं. पण कौतुक मात्र असं झालं की मला ते अजून ऐकवत नाही. ज्यांनी धुण्याच्या चित्रपटात सैनिक शोधले होते, ते या डागांपुढं डोळे पुसत उभे राहिले. 'ऱ्हासाचं सौंदर्य' असं त्यांनी छापलं. मग त्यांना मीही हवा झालो. फाटक्या तोंडाच्या मला त्यांनी परदेशी नेऊन एका दालनात काचेच्या पेटीत ठेवलं, वर दिवा सोडला. पेटीला खास एक बारीक झरोका ठेवलाय, लोकांना वास यावा म्हणून. लोक वाकून हुंगतात आणि खूश होतात. "अजून येतोय!" म्हणतात. जे भोक मला तेव्हा हवं होतं ते आता मिळालं आहे.

उद्घाटनाला एका तरुणानं रुवैदाला विचारलं, "हे इतके सुंदर डाग तुम्ही मुद्दाम पाडलेत का? कसे?"

रुवैदा म्हणाली, "नाही. आम्ही फार काळजी घेतली."

त्यानं ते टिपून घेतलं आणि मान डोलावली.

ती आठवडाभरासाठी आली होती. तेवढ्यात तिकडे पूल बंद झाला, गावाचं फाटकही बंद झालं. आता ती इथंच अडकली आहे. जुमाना तिच्याजवळ आली आहे. दालन उघडायच्या आधी दोघी माझ्यासमोरच्या बाकावर बसून घरचा फोन लावतात. घंटा वाजत राहते. आधी म्हातारी उचलायची, "जेवलीस का?" एवढं विचारायची आणि ठेवून द्यायची. गेले कित्येक दिवस उचलतच नाही. अबू सखरला त्याच्या मुलीनं शहरात नेलं. आळीतली बाकीची दारं कुलपं लावून गेलेली. रुवैदा जुमानाला सांगते, जैतुनाच्या बागेत गेली असेल. जुमाना म्हणते, हो. बाग राहिलेली नाही हे दोघींना ठाऊक आहे.

मित्रांनो, अशा गोष्टीच्या शेवटी डब्यानं तुम्हाला काही शिकवावं अशी तुमची अपेक्षा असेल. वस्तू जपा, जुन्या वस्तू फेकू नका वगैरे. माझ्याकडे तसलं काही नाही. मला जपलं होतं. त्यातून काय निघालं ते तुम्ही ऐकलंत. वस्तू राहू द्या बाजूला. तुमच्यापैकी कुणी मोठेपणी त्या बाजूला गेलात, किंवा तुमच्या ओळखीचं कुणी आज जात असेल, तर एवढं करा. नाब्लुसच्या दक्षिणेला दैर अल-लौज. फाटक बंद असेल तर पायवाट आहे, मशिदीच्या मागून चढते. वरच्या अंगाला शेवटचं घर, निळं दार. कडी आतून असते, तेव्हा नुसतं वाजवू नका, हाक मारा, ओरडून मारा. दार उघडलं तर चूल पेटली आहे का बघा. पाणी भरलेलं आहे का बघा. ती चहा देईल, तो घ्या, आणि तिलाही तिचा पेला प्यायला लावा. बरोबर कॅमेरा नेऊ नका. तिला काही दाखवायला जाऊ नका. नुसतं जा आणि बघून या, उम्म नाइफ आहे ना.